किचन चिमणी घेताय? बॉक्सवरचा १२०० बघण्याआधी भिंतीतलं भोक बघा

जुलैमध्ये तीन दिवसांची सुट्टी टाकून पुण्याहून रत्नागिरीला घरी आलो होतो. बाहेर धो धो पाऊस. मासेमारी बंद, त्यामुळे ताज्या बांगड्याचा पत्ता नाही आणि आईने दुपारी सुके बोंबील भाजायला घेतलेले. खिडक्या बंद, चिमणी तिसऱ्या स्पीडवर आणि तरीही वास थेट बाहेरच्या खोलीपर्यंत. किचनमध्ये डोकावलो तर आई पदराने डोळे पुसत म्हणाली, "तुझी ही चिमणी नुसती बोंबलते रे, ओढत काय नाय."

"तुझी" बरोबरच होतं. वर्षभरापूर्वी पुण्यात बसून, ब्राउझरमध्ये सात-आठ टॅब उघडून, ही चिमणी मीच निवडली होती. ९० सेंटीमीटर, १२०० सक्शन, ऑटो-क्लीन, हात हलवला की चालू होणारा सेन्सर. फोन घेताना जसं स्पेसिफिकेशन तपासतो तसं सगळं तपासलं होतं. फक्त एक गोष्ट तपासली नव्हती. चिमणीतून निघालेली हवा पुढे जाते कुठून?

संध्याकाळी वरचं कपाट उघडून पाहिलं आणि कपाळावर हात मारला. चिमणीचं तोंड सहा इंची. त्याला लावलेला फॉइलचा लवचिक पाइप, त्यापुढे रिड्युसर आणि मग चार इंची पीव्हीसी पाइप. वाटेत तीन वळणं. बाहेरचं तोंड पश्चिमेला, म्हणजे समुद्राच्या वाऱ्यासमोर. कारण विचारलं तर बाबा शांतपणे म्हणाले, "भिंतीत आधीचं चार इंची भोक होतंच की. जांभ्याची भिंत परत कशाला फोडायची?"

तर मित्रांनो, हा लेख त्या चार इंची भोकाबद्दल आहे. चिमणी कशी निवडायची हे त्यातूनच कळतं.

१२०० म्हणजे नक्की काय?

बॉक्सवर मोठ्या अक्षरात जो आकडा असतो तो घनमीटर प्रति तास या मापात असतो. म्हणजे एका तासात चिमणी किती हवा बाहेर फेकू शकते. ऐकायला सोपं आहे, पण जरा हिशोब करून बघू.

समजा तुमचं किचन १० फूट लांब, ८ फूट रुंद आणि १० फूट उंच आहे. एकूण ८०० घनफूट, म्हणजे साधारण २३ घनमीटर हवा. १२०० च्या चिमणीने खरोखर तेवढं काम केलं तर ती सगळी हवा तासाला ५० पेक्षा जास्त वेळा बदलेल. दर सव्वा मिनिटाच्या आत अख्खं किचन रिकामं! असं झालं तर फ्रिजवर लावलेलं कॅलेंडर फडफडायला हवं. तुमच्या घरी फडफडतं का? आमच्याकडे नाही.

कारण हा आकडा जास्तीत जास्त प्रवाहाचा असतो, वाटेत फारसा अडथळा नसतानाचा. चिमणीच्या आतला ब्लोअर जितका जोर लावू शकतो, तो एकतर हवा हलवण्यात जातो किंवा अडथळा पार करण्यात. पाइप लांब झाला, वळण आलं, जाळी तेलाने बुजली, बाहेरून वारा उलटा आला, की प्रवाह कमी होतो. मोटर मात्र तशीच ओरडत राहते. म्हणून आवाज पूर्ण आणि ओढ अर्धी असं होऊ शकतं.

फोनचं उदाहरण घ्या. चार्जरवर ६७ वॉट लिहिलंय, पण केबल कुठल्यातरी जुन्या इअरबडबरोबर आलेली. फोन काय ६७ वॉटने चार्ज होणार आहे? डक्ट म्हणजे चिमणीची केबल. आणि गंमत बघा, केबल बदलायला पाच मिनिटं लागतात, डक्ट बदलायला गवंडी लागतो.

चार इंच आणि सहा इंच, फरक किती?

दोन इंचाचा, असं बाबांना वाटलं. मलाही वर्षभर काही कळलं नाही, कारण मी कॉम्प्युटरवाला. हॉस्टेलमधल्या मेकॅनिकलच्या रूममेटला फोटो पाठवले तेव्हा त्याने आधी हसणारे इमोजी पाठवले आणि मग हिशोब.

सहा इंची गोल पाइपातून तासाला १२०० घनमीटर हवा जायची असेल तर तिचा वेग ताशी साधारण ६५ किलोमीटर हवा. तेवढीच हवा चार इंची पाइपातून घालायची तर पाइपाचं तोंड क्षेत्रफळात सव्वादोन पट लहान, म्हणून वेग जवळजवळ ताशी १५० किलोमीटर. इतकंच असतं तरी ठीक होतं. पण पाइपातलं घर्षण वेगाच्या वर्गाने वाढतं, आणि अरुंद पाइपात हवेचा जास्त भाग भिंतीला घासत जातो. दोन्ही धरलं तर तेवढीच हवा ढकलायला चार इंची पाइपात सहा इंचीच्या साधारण साडेसात पट दाब लागतो. घरगुती ब्लोअरकडे इतका दाब नसतोच. मग तो काय करतो? कमी हवा ढकलतो.

वळणांचंही तसंच. काटकोनात वळताना हवा आतल्या कोपऱ्यापासून सुटते, तिथे भोवरे तयार होतात आणि जोर वाया जातो. एक वळण टाळता येत नाही, कारण हवा वर जाते आणि मग भिंतीकडे वळते. दुसरं असलं तर दोन वळणांमध्ये थोडा सरळ पाइप असावा. तिसरं असेल तर चिमणीची जागाच बदलता येते का ते बघा. फॉइलचा लवचिक पाइप वापरलाच तर पूर्ण ताणून, जादाचा कापून टाकायचा. बसवणारे बहुतेक वेळा तो तसाच गुंडाळून कपाटात कोंबतात. प्रत्येक सुरकुती म्हणजे एक छोटा अडथळा, आणि तिथेच तेलही साचतं. धातूचा कडक, आतून गुळगुळीत पाइप सगळ्यात चांगला. पीव्हीसी आपल्याकडे सर्रास लावतात, पण आतल्या तेलाने कधी पेट घेतला तर तो वितळतो हे लक्षात ठेवा.

म्हणून माझं स्पष्ट मत: सरळ, आखूड, सहा इंची डक्टवर बसवलेली ८००-१००० ची चिमणी ही तीन वळणांच्या चार इंची पाइपावरच्या १५०० पेक्षा जास्त धूर ओढेल. आणि आवाजही कमी करेल.

दुकानातल्या एका डेमोपासून सावध राहा. विक्रेता चिमणी चालू करून खाली कागद धरतो, कागद फटकन चिकटतो, आपण खूश. पण शोरूममध्ये त्या चिमणीला डक्टच जोडलेला नसतो. शिवाय कागद चिकटला की हवेची वाट बंद होते, म्हणजे ती परीक्षा दाबाची होते, प्रवाहाची नाही. थोडी ओढ असली तरी कागद चिकटतो. आमच्या घरच्या बिचाऱ्या चिमणीलाही चिकटत होता.

कोकणातल्या किचनचं वेगळं काय

यूट्यूबवरचे बहुतेक व्हिडिओ मोठ्या शहरातला फ्लॅट डोळ्यांसमोर ठेवून केलेले असतात. आपल्याकडची परिस्थिती थोडी वेगळी आहे, आणि ती जास्त कठीण आहे.

पहिली गोष्ट वारा. पावसाळ्यात आपल्याकडे वारा नैऋत्य-पश्चिमेकडून, समुद्रावरून येतो. डक्टचं तोंड त्याच दिशेला असेल तर वारा पाइपात शिरून उलटा ढकलतो. ताशी ३६ किलोमीटरचा वारा थेट तोंडावर आला तर साधारण ६० पास्कल दाब देतो. काही कंपन्या मॅन्युअलमध्ये चिमणीचा कमाल दाब पास्कलमध्ये देतात, तो आकडा शोधा आणि त्यातून हे ६० वजा झाले असं समजा. शक्य असेल तर तोंड पूर्वेला, परसाच्या बाजूला काढा. नाहीच जमलं तर खाली तोंड असलेला कोपरा आणि झडप लावा.

दुसरी पाऊस. रत्नागिरीत वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो, तोही बराचसा आडवा. डक्टला बाहेरच्या बाजूला किंचित उतार द्यायलाच हवा, नाहीतर पाणी पाइपातून उलटं चिमणीत आणि तिथून कढईत. जांभा सच्छिद्र असतो, त्यामुळे भोकाच्या कडेने नीट सील केलं नाही तर भिंतीत ओल धरते. बाहेर जाळीही हवी. एका नातेवाइकांच्या डक्टमध्ये पक्ष्याने घरटं केलं होतं. चिमणीत चिमणी! (माझ्या आजीसाठी तर चिमणी म्हणजे रॉकेलचा छोटा दिवा. तिला "साडेसात किलोची चिमणी आली" म्हटल्यावर ती बराच वेळ माझ्याकडे बघत राहिली होती.) पण जाळी बारीक नको, ती तेलाने बुजते. बोटभर भोकांची पुरे.

तिसरी खारी हवा. समुद्राजवळ स्टीलवरही तांबूस डाग येतात. विक्रेता लोहचुंबक लावून "चिकटत नाही, म्हणजे ३०४ ग्रेड" असं दाखवेल. ३०४ ला चुंबक सहसा चिकटत नाही हे खरं. पण स्वस्तातल्या २०१ ग्रेडलाही चिकटत नाही, आणि गंजाच्या बाबतीत तो ३०४ पेक्षा कमकुवत. चुंबकावर विश्वास ठेवू नका, ग्रेड बिलावर लिहून मागा.

आणि चौथी गोष्ट, जी मला आईच्या बोंबलांनी शिकवली. ज्या महिन्यांत सुकं मासळी जास्त भाजली जाते, त्याच महिन्यांत खिडक्या बंद असतात आणि वारा उलटा असतो. एप्रिलमध्ये चिमणी उत्तम चालली म्हणून फाइव्ह स्टार रिव्ह्यू देणाऱ्याला जुलैमध्ये परत विचारा.

जुन्या कौलारू घरात हा प्रश्न वेगळ्या रीतीने सुटायचा. चुलीचा धूर कौलांच्या फटींतून निघून जायचा, जाता जाता वाशांना काळं करून वाळवी-किडीपासून थोडं वाचवायचा. अर्थात चुलीपुढे बसणारीच्या फुप्फुसांचा हिशोब कोणी ठेवला नाही. स्लॅब आला, फटी गेल्या, धूर मात्र आत राहिला.

धुराचं एवढं काय?

"आपल्या आज्या-पणज्यांनी काय चिमण्या लावल्या होत्या?" हा प्रश्न प्रत्येक घरात येतो. उत्तर द्यायला दोन गोष्टी हाताशी ठेवा.

जागतिक आरोग्य संघटनेची कर्करोगावर संशोधन करणारी संस्था, आयएआरसी, हिने २०१० च्या अहवालात खूप तापलेल्या तेलात तळताना निघणाऱ्या धुराला 'गट २अ' मध्ये टाकलं. म्हणजे माणसात बहुधा कर्करोगाला कारणीभूत. घाबरून पुरणपोळीवर जगायची गरज नाही. पण रोज दोन वेळा तव्यासमोर उभं राहणाऱ्या माणसासाठी ही गोष्ट वासापुरती उरत नाही. आणि आपल्या घरात ते माणूस म्हणजे बहुतेक वेळा आई.

दुसरी गोष्ट मला स्वतःला नवीन होती. गॅस जळताना पाणी तयार होतं. एक किलो एलपीजी जळला की साधारण दीड किलोपेक्षा थोडी जास्त वाफ बाहेर पडते. १४.२ किलोचा एक सिलेंडर संपेपर्यंत किचनच्या हवेत २२ लिटरच्या आसपास पाणी सोडलेलं असतं. भाताची, डाळीची वाफ वेगळीच. पावसाळ्यात कपाटाच्या मागे बुरशी का येते, याचं एक कारण इथे आहे.

यामुळेच डक्ट नसलेली चिमणी मी आपल्याकडे सुचवणार नाही. ती हवा ओढते, जाळीतून तेल पकडते, कोळशाच्या फिल्टरमधून थोडा वास शोषते आणि तीच हवा परत किचनमध्ये सोडते. वाफ, उष्णता, ज्वलनातले वायू सगळे आतच. शिवाय तो कोळसा ठरावीक महिन्यांनी बदलावा लागतो. भाड्याच्या घरात भिंत फोडता येत नाही म्हणून घेणार असाल तर त्यापेक्षा खिडकीच्या वरच्या खणात चांगला एक्झॉस्ट फॅन बसवा. खरं सांगायचं तर ओट्याजवळ बाहेरची भिंत, समोरून हवा यायला खिडकी आणि साधा स्वयंपाक असेल तर तेवढ्यावर भागतंसुद्धा. फक्त तो फॅन पाइपाला जोडू नका. पात्यांचा पंखा मोकळ्या भोकातून भरपूर हवा फेकतो, पण पाइपातला अडथळा त्याला झेपत नाही. त्यासाठी चिमणीतला गोल पिंजऱ्यासारखा ब्लोअरच लागतो.

फिल्टर: बॅफल, जाळी की फिल्टरलेस?

जाळीचा फिल्टर विसरा, फोडणीच्या स्वयंपाकात तो पटकन बुजतो आणि मग स्वतःच अडथळा होतो.

बॅफल म्हणजे स्टीलच्या वाकवलेल्या पट्ट्या. हवा त्यातून जाताना एकदम दिशा बदलते. हवा वळते, पण तेलाचे थेंब जड असल्यामुळे वळत नाहीत, पट्टीवर आपटतात आणि ओघळतात. यात काही बिघडण्यासारखं नाही. दोन-तीन आठवड्यांनी काढून गरम पाण्यात भांड्यांचा साबण घालून धुवायचा. बॅफल अॅल्युमिनियमचा असेल तर कॉस्टिक सोडा अजिबात नको, तो धातूच खातो.

फिल्टरलेसमध्ये वाटेत काहीच नसतं, ब्लोअरच्या फिरण्याने तेल बाजूला फेकलं जातं आणि वाटीत जमा होतं. अडथळा कमी, ओढ चांगली. पण ब्लोअर आणि आतली भिंत तेलकट होते आणि ती तुम्ही घरी साफ करू शकत नाही. राजापूर, गुहागर, मंडणगडकडे राहत असाल तर टेक्निशियन किती दिवसांत येतो हे आधी शेजारी विचारा, मग ठरवा.

ऑटो-क्लीनचा फार गाजावाजा असतो. बऱ्याच मॉडेल्समध्ये आत एक हीटर असतो, तो ब्लोअरवरचं तेल गरम करून पातळ करतो आणि ते वाटीत ठिबकतं. कल्पना चांगली आहे. पण तुमच्या कढईच्या बाहेरून जो तपकिरी थर बसतो ना, तो गरम केल्याने निघतो का? जुनं तेल उष्णतेने आणि हवेने घट्ट होऊन वार्निशसारखं बसतं. मग हीटर काही करू शकत नाही. म्हणजे ऑटो-क्लीन दर आठवडा-पंधरा दिवसांनी वापरलं तरच उपयोगी. आमच्याकडे ते बटण वर्षभरात एकदाही दाबलं नव्हतं, कारण ते कशाचं आहे हे मी आईला सांगितलंच नव्हतं.

आकार आणि उंची

तीन बर्नरपर्यंतच्या नेहमीच्या शेगडीला ६० सेंटीमीटर चालते, चार बर्नर किंवा रुंद हॉब असेल तर ९०. हूड शेगडीपेक्षा अरुंद नसावा, एवढं पाळलं की झालं. शेगडीपासून उंची साधारण ६५ ते ७५ सेंटीमीटर, नेमकी मॅन्युअलमध्ये बघा. फार खाली लावली तर आगीचा धोका आणि कपाळाला टेंगूळ. फार वर लावली तर धूर वाटेतच पसरतो.

तिरकी काचेची चिमणी दिसायला देखणी, डोकंही आपटत नाही. पण आपण तळण आणि फोडणी पुढच्या बर्नरवर करतो आणि तिरक्या हूडचा खालचा भाग मागे असतो. फोडणीचा धूर एका क्षणात भसकन येतो. तो क्षणभर धरून ठेवायला खाली पोकळी असलेला डब्यासारखा हूड बरा पडतो. रोज मासे तळणाऱ्या घरात मी दिसण्याकडे दुर्लक्ष करेन. तुम्ही करालच असं नाही, मॉड्युलर किचनवर लाखभर खर्च केल्यावर माझंही मत बदलू शकतं.

युरोपियन युनियनमध्ये २०१५ पासून चिमणीच्या हूडवर ऊर्जेचं लेबल असतं, त्यात हवा ढकलण्याची कार्यक्षमता, तेल पकडण्याची क्षमता आणि आवाज वेगवेगळे दिलेले असतात. आपल्याकडच्या बॉक्सवर एकच मोठा आकडा. त्यामुळे बाकीचं आपल्यालाच विचारावं लागतं.

हे दोन धोके कोणी सांगत नाही

चिमणी जेवढी हवा बाहेर फेकते तेवढी कुठूनतरी आत यायला हवी. सगळं बंद असेल तर एकतर चिमणीची ओढ कमी होते, नाहीतर ती हवा मिळेल त्या वाटेने ओढते. किचनला लागून बाथरूम आणि त्यात गॅस गिझर असेल तर त्याच्या ज्वलनाचे वायू बाहेर जाण्याऐवजी घरात खेचले जाऊ शकतात. त्यात कार्बन मोनॉक्साइड असू शकतो, ज्याला रंग नाही, वास नाही. बंद बाथरूममध्ये गॅस गिझरमुळे माणसं दगावल्याच्या बातम्या आपण हिवाळ्यात वाचतो. त्यामुळे चिमणी चालू असताना वाऱ्याच्या उलट बाजूची एक खिडकी किंवा मागचं दार थोडं उघडं ठेवा, आणि गिझर आणि चिमणी एकाच वेळी नको. शक्य असेल तर गिझर घराबाहेरच हलवा.

दुसरं, गॅसचा वास आला की "चिमणी लाव, वास जाईल" असं कोणीतरी म्हणतंच. अजिबात नाही! एलपीजी हवेपेक्षा जड, तो जमिनीलगत साचतो, वरच्या चिमणीला तो नीट सापडतही नाही. उलट बटणाच्या ठिणगीने स्फोट होऊ शकतो. कुठलंही बटण चालू-बंद करायचं नाही, रेग्युलेटर बंद, दारं-खिडक्या उघड्या, घराबाहेर येऊन १९०६ वर फोन. हा एलपीजी गळतीसाठीचा आपत्कालीन नंबर आहे, आत्ताच सेव्ह करा आणि आईच्या फोनमध्येही.

फोन काढा आणि तपासा

चिमणी घरात आधीच असेल तर उदबत्ती पेटवून पुढच्या बर्नरच्या जागी धरा, मागे गडद रंगाचा कपडा, बाजूने टॉर्च आणि स्लो-मोशन व्हिडिओ. धूर हूडच्या कडेतून सुटतो की आत जातो हे स्पष्ट दिसतं. मग खिडकी उघडून परत एक व्हिडिओ. फरक दिसला तर बाहेरून हवा येण्याची वाट कमी आहे. भावाला-बहिणीला व्हिडिओ कॉलवर बाहेर उभं करा आणि पहिल्या स्पीडवर बाहेरची झडप उघडते का ते विचारा. आमची उघडतच नव्हती, तेल आणि मीठ बसून चिकटली होती.

आवाज मोजणारं कुठलंही फ्री अॅप अचूक नसतं, पण तुलना करायला पुरतं. १० डेसिबल वाढले की कानाला आवाज साधारण दुप्पट वाटतो. त्यामुळे दोन मॉडेल्समध्ये ५-६ डेसिबलचा फरक असेल तर त्याकडे दुर्लक्ष करू नका. जी चिमणी फार ओरडते ती घरातली माणसं लावतच नाहीत.

नवीन घेणार असाल तर ऑर्डरच्या आधी ओट्याचा, वरच्या कपाटाचा आणि बाहेरच्या भिंतीचा फोटो दुकानदाराला व्हॉट्सअॅप करा आणि विचारा: डक्ट किती इंची, किती फूट, वळणं किती, तोंड कुठल्या दिशेला. भोक पाडायचे, पाइपाचे, बाहेरच्या झडपेचे पैसे किमतीत आहेत की वेगळे? बहुतेक वेळा वेगळे असतात. फ्लॅट असेल तर सोसायटीत विचारून घ्या. शाफ्टमध्ये डक्ट सोडला की तुमच्या बांगड्यांचा वास वरच्या मजल्यावरच्या काकूंच्या देवघरात जातो आणि मग ग्रुपवर काय होतं ते तुम्हाला माहीत आहे.

आमच्याकडे शेवटी गवंडीदादांनी कोअर कटरने पूर्वेच्या भिंतीला सात इंची भोक पाडलं. बाबा दोन तास बाजूला उभे होते, चिऱ्याची धूळ बघत. सहा इंची पत्र्याचा डक्ट, एकच वळण, बाहेर उतार, भोकाभोवती सील. चिमणी तीच. पुढच्या वेळी घरी गेलो तेव्हा आईने परत बोंबील भाजले. वास पूर्ण गेला असं म्हणणार नाही, बोंबील तो बोंबील. पण बाहेरच्या खोलीत मीटिंग नीट पार पडली आणि आईचे डोळे कोरडे होते. आता ती चिमणी पहिल्याच स्पीडवर लावते, गॅस पेटवायच्या आधी दोन मिनिटं, आणि स्वयंपाक झाल्यावर दहा मिनिटं तशीच चालू ठेवते. तिसरा स्पीड तिला नकोच आहे, मागच्या दारी आलेल्या मासेवालीची हाक ऐकू येत नाही म्हणून.